बेसिनमधली गुंडी

मी सलूनचं दार खांद्यानं ढकललं, तेव्हा तो एका काकांची दाढी करत होता. अर्धा गाल साफ, अर्ध्यावर फेस. माझ्या हातांत मावशीची गुंडी होती... एवढीशी, झिपरी, चपट्या नाकाची कुत्री. तिची जीभ लालभडक होऊन लोंबत होती.

मावशी गुडघ्याच्या ऑपरेशनसाठी दवाखान्यात होती. जाताना गुंडीला माझ्या मांडीवर ठेवून म्हणाली होती, “घरी हिच्याशिवाय माझी वाट बघणारं कोणी नाही गं.” त्या दिवशी गुंडी दाराशी बसून कुरकुरायला लागली, म्हणून मी शहाणी भर दुपारी तिला घेऊन निघाले. कोपऱ्यावर तिचे पाय लटपटले आणि ती आडवीच झाली. मी तिला उचललं आणि समोरच्या सलूनकडे धावले.

मी बर्फ मागितला. त्यानं वस्तरा खाली ठेवून प्राण्यांच्या डॉक्टरांना फोन लावला. त्या त्याच्याकडेच केस कापून घ्यायच्या. त्यांनी ठणकावलं, बर्फ अजिबात नको. पोटावर, पंजांवर नळाचं साधं पाणी सोडा, वारा घाला आणि लगेच घेऊन या.

त्यानं गुंडीला डोकं धुवायच्या बेसिनमध्ये निजवलं. गिऱ्हाइकासाठी घेतो तसं पाणी आधी स्वतःच्या मनगटावर घेतलं, मग हलकेच तिच्या पोटावर सोडलं. काका बिचारे फेसासकट उभे, थंड वाऱ्यावर लावलेला ड्रायर तिच्यावर धरून. “झालं हं, राणी, झालं...” तो पुटपुटत होता. त्या आवाजानं मला रडूच फुटलं.

“रडू नका,” तो म्हणाला, “टॉवेल सगळे तिच्याखाली गेलेत.”

“तुमचा तर हात थरथरतोय.”

“वस्तरा धरताना कधी थरथरत नाही. आजच...” त्यानं वर पाहिलं. मी नजर वळवली, पण जरा उशिराच.

टॅक्सीनं डॉक्टरांकडे नेलं, सलाईन लागलं. आम्ही बाकावर शेजारी शेजारी बसून होतो. उन्हं कलली तेव्हा गुंडीनं शेपटी हलवली, तीही त्याला बघून. डॉक्टरांनी बजावलं, उन्हाळाभर हिला पहाटेच फिरवायचं. मीही येतो, तो म्हणाला. लवकर उठता का, असं मी विचारलं, तर म्हणाला, “कधीच नाही.”

आला मात्र. शर्ट उलटा, डोळ्यांत झोप. मग रोजच यायला लागला. निळसर उजेड, झाडांखालचा गार रस्ता, गुंडी पुढे आणि आम्ही मागे. चालता चालता बोटांना बोटं लागायची, की आम्ही दोघंही घाईघाईनं गुंडीच्या तब्येतीवर बोलायला लागायचो. मी त्याच्या प्रेमात पडले होते, आणि सांगायची हिंमत नव्हती.

मावशी घरी आली, हळूहळू चालायलाही लागली. एका पहाटे मी त्याला सांगितलं, उद्यापासून गुंडीला तीच नेणार.

तो थांबला.

“मी गुंडीसाठी येतच नव्हतो,” तो म्हणाला.

“मग?”

“तू दिसतेस म्हणून उठतो मी... उद्याही उठेन. येशील?”

“उद्या माझ्या हातात पट्टा नसेल.”

“मग हे धर,” म्हणत त्यानं आपला हात पुढे केला.

मी उद्यापर्यंत थांबले नाही.