भिंगरीचं पाचवं रीळ

"पाचवं रीळ चोरीला गेलंय, लवकर या!" चित्रपट संग्रहालयातून फोन आला तेव्हा इन्स्पेक्टरबाईंनी नुकता पहिला घास घेतला होता. ताट तसंच ठेवून त्या निघाल्या. दोन वाजले होते आणि जुन्या सिनेमाचा खेळ चारला होता.

फोन करणारी म्हातारी जिन्याच्या तळाशी काठी आपटत बसली होती. तरुणपणी तंबूतल्या खेळांत नकला, गाणी, कोलांट्या, वेळ पडली तर मशीनवर रीळ चढवणं, सगळं करायची. लोक तिला भिंगरी म्हणायचे. सिनेमात मात्र ती पाठमोरीच दिसली.

"नायिका बावीस पायऱ्यांवरून गडगडत येते ना, ती मी!" भिंगरी कडाडली. "नाव झालं तिचं, हाडं मोडली माझी. पाचव्या रिळाच्या शेवटी माझं तोंड दिसतं. तेवढाच माझा पुरावा, बाई!"

"संशय कुणावर?"

"व्यवस्थापकावर. त्या नायिकेचा सख्खा भाचा आहे मेला!"

व्यवस्थापक घाम पुसत होते. "शेवटचा तुकडा खराब झालाय. तो आज कापणार होतो, कालच सगळ्यांना सांगितलं. पण चोरी? छे!"

कपाटात सहा डबे होते. बाईंनी एकेक उचलून पाहिला. पाच नंबरचा तेवढा रिकामा, बाकी सगळे जड.

वर मशीनच्या खोलीत ऑपरेटर वहीने वारा घेत होता.

"मशीनवर काय आहे?"

"पहिलं रीळ. सकाळीच चढवलं. मग पंखा जळाला, म्हणून दार उघडं टाकून चहाला गेलो."

"पंख्याचं कुणाला बोललात?"

"कुणाला बोलणार? आल्यापासून इथेच शिजतोय."

बाई खाली आल्या. भिंगरी म्हणाली, "उकडलं ना? पंख्याविना भट्टीच ती. मला मेलीला तर जिनाही चढवत नाही."

चारला हॉल भरला. बाईंनी तिघांनाही दारापाशी बोलावलं.

"पहिलं रीळ मशीनवर असेल, तर त्याचाही डबा रिकामा हवा. एकच डबा रिकामा आहे. म्हणजे पहिलं परत डब्यात गेलं आणि मशीनवर पाचवं चढलं. ज्याला ते नाहीसं करायचंय, तो तिथे कशाला ठेवेल? ते सगळ्यांनी बघावं असं एकाच माणसाला वाटत होतं. आजी, जिना न चढता पंख्याचं कसं कळलं?"

"चढले!" भिंगरी ताठ उभी राहिली. "बसत बसत चढले, पण चढले. फोनही मुद्दाम केला. पोलिसांसमोर कात्री चालवायची कुणाची छाती आहे, बघू म्हटलं!"

बाईंच्या खुणेसरशी ऑपरेटरने वर जाऊन दिवे मालवले, मशीन सुरू केलं. रिळाच्या शेवटी पडद्यावर एक बाई जिन्यावरून गडगडत आली, निपचित पडली. मग टुणकन उठली, वळली आणि कॅमेऱ्याला जीभ दाखवली. हॉल हसून कोसळला, मग टाळ्यांचा कडकडाट झाला.

"बंद करा!" व्यवस्थापक ओरडले.

"पुरावा आहे तो," बाई म्हणाल्या. "शेवटपर्यंत बघावा लागेल."

भिंगरी रडत होती आणि डोळे पुसायलाही तयार नव्हती.

बाईंनी वही उघडली. "खोटी तक्रार केलीत. नोंद करावी लागेल, आजी."

"करा की! व्यवसाय नटी लिहा. एक्स्ट्रा लिहिलंत तर याद राखा!"

बाईंनी 'नटी' लिहिलं, आणि वर आणखी एकदा ठळक गिरवलं.