नऊ नंबरची बरणी

नऊ नंबरची बरणी फळीवर नव्हती. आठ होती, दहा होती, मधली जागा रिकामी.

"काल संध्याकाळी मी स्वतः तोलली," सर म्हणाले. "उद्या संस्थेचं मंडळ बघायला येणार, आणि आज हे!"

तपासनीस बाईंना त्यांच्याकडे बघवेना. सहा वर्षं त्या याच प्रयोगशाळेत सरांच्या हाताखाली शिकल्या होत्या. वस्तूतून तिचं वजन उतरवून घ्यायचं आणि ते बरणीत भरायचं, हा इथला उद्योग. दहा-बारा दिवसांत ते वजन गुपचूप मूळ वस्तूत परत जायचं आणि सगळी मेहनत पाण्यात. नऊ नंबरमध्ये मात्र एका लोखंडी ठोकळ्याचं वजन चाळीस दिवस टिकलं होतं. एवढ्या वर्षांत सरांच्या हाती लागलेलं हे पहिलं यश.

"किल्ली कुणाकडे?"

"माझ्याकडे. आणि बरण्या धुणाऱ्या मावशींकडे." सरांनी सुस्कारा सोडला. "नाव घ्यायला जिवावर येतं गं, पोरी."

जिवावर आलं खरं, पण घेतलं ते चारचौघांत. बाईंनीही मागचापुढचा विचार केला नाही. व्हरांड्यात, सगळ्यांच्या देखत, मावशींना पिशवी उपडी करायला लावली. एक कंगवा, खोकल्याच्या औषधाची बाटली, शिवायला घेतलेला फाटका ॲप्रन. कुणीतरी फिसकन हसलं.

मावशी एकेक वस्तू उचलत म्हणाल्या, "माझी लेक खाली काचशाळेत, या बरण्या बनतात तिथे, कामाला आहे. पुढच्या महिन्यात तिला इथे शिकाऊ म्हणून घेणार होते. आता कोण घेतंय?"

बाईंना मेल्याहून मेल्यासारखं झालं. तरी त्यांनी मावशींची बाजू घेतली नाही. सरांवर अविश्वास दाखवायचा म्हणजे फारच झालं, असं त्यांना वाटलं.

मग त्यांनी मदतनिसाला गाठलं. त्याला सगळे चष्मिस म्हणत.

"बरणी भरली तेव्हा तू होतास?"

"होतो ना. सर आणि मी, दोघांनी मिळून फळीवर चढवली. कंबर धरली माझी."

"त्यानंतर हात लावलास?"

"छे! रोज सर एकटेच तोलायचे. आम्हाला त्या कोपऱ्यात मज्जाव."

"एकटेच? एकट्याने उचलायचे?"

चष्मिस नकळत स्वतःची कंबर चोळू लागला.

धुण्याच्या खोलीत मावशी बादलीत हात घालून उभ्या होत्या. बाईंनी खालच्या आवाजात विचारलं, "आज किती बरण्या धुतल्यात?"

"तेवीस. रोज बावीस असतात. एकीची नंबराची चिठ्ठी खरवडलेली होती, डिंक निघता निघेना. सोड्याने घासली."

"जड होती?"

"रिकामी बरणी कशाला जड लागेल, बाई?"

बाई तडक प्रयोगाच्या खोलीत आल्या. या वेळी त्यांनी खोली विद्यार्थिनीसारखी बघितली नाही. भरलेल्या बरण्यांखाली लाकडी फळी बोटभर वाकली होती. नऊ नंबरच्या जागी ती सरळ होती. टेबलावर वजन उतरवलेले दगड आणि विटा तरंगत होत्या, वाऱ्याने भटकू नयेत म्हणून खाली खिळ्यांना दोऱ्याने बांधलेल्या. कोपऱ्यातला तो ठोकळाही तरंगत होता. त्याला मात्र छतापासून एक काळी तार होती. सर शेजारीच उभे होते.

"ती तार कशाला, सर?"

"आधाराला," सर म्हणाले. "दूर राहा, धक्का लागेल."

बाईंनी मुद्दामच दोन्ही हातांनी ठोकळा ढकलला. तो जेमतेम हलला, थोडा पुढे गेला आणि झोपाळ्यासारखा परत आला.

सरांनी चटकन दाराकडे पाहिलं. "दार लाव," ते पुटपुटले. "पोरी, आपल्यात बोलू. दार लाव."

बाईंचा हात कडीवर गेलाही. आणि तिथेच त्यांना स्वतःची लाज वाटली. सकाळी मावशींना आत नेऊन दार लावायचं त्यांना सुचलंसुद्धा नव्हतं. त्यांनी दार सताड उघडलं आणि सगळ्यांना आत बोलावलं.

"चोरी झालीच नाही," त्या म्हणाल्या. "वजन नसलेली वस्तू ढकलली की वाहत जाते, झोका खाऊन परत येत नाही. ठोकळ्याचं वजन कधीच परत आलंय. म्हणून त्याला वरून टांगावं लागलं. बरणी रिकामी झाली, तशी तिच्याखालची फळीही हळूहळू सरळ झाली; एका रात्रीत ती सरळ होत नाही. उद्या मंडळाने बरणी तोलली असती तर सगळं उघड झालं असतं. म्हणून ती नाहीशी व्हायला हवी होती. चिठ्ठी खरवडून सरांनी ती धुवायच्या बरण्यांत ठेवली. मावशींनीच ती धुतली. आणि चोर म्हणून नाव त्यांचंच घेतलं गेलं."



"बाराव्या दिवशी गेलं," सर म्हणाले. "वाटलं, पुढच्या वेळी नक्की टिकेल. तोवर एवढं निभावून नेऊ. मावशींना फार तर कामावरून काढतील, मी त्यांना गुपचूप मदत करीन, असं ठरवलं होतं."

"फार तर!" चष्मिस म्हणाला. ज्या माणसाच्या पाया पडून त्या शिकल्या, तो समोर मान खाली घालून उभा होता.

त्या मावशींकडे वळल्या. "माझं चुकलं, मावशी. मंडळासमोर मी लेखी देते. तुमची नोकरी कुठे जात नाही."

मावशींनी पदराला हात पुसले. "कागदाचं काय ते मंडळ बघेल. खाली काचशाळेत मघाशीच कुणीतरी जाऊन सांगितलंय की हिची आई चोर आहे. चाळीस माणसं आहेत तिथे. त्यांच्यासमोर माझ्या लेकीला तुम्ही स्वतः सांगा."

"आत्ता?"

"मग कधी?"

बाई जिना उतरू लागल्या. मावशी पुढे होत्या. मागून आणखी एक पाऊल वाजलं, म्हणून बाईंनी वळून पाहिलं. सर कठडा धरून एकेक पायरी उतरत होते.

"तू नको सांगूस," ते म्हणाले. "मी सांगतो."