बाज्याची ताबा पावती

१४ डिसेंबर २०२३, गुरुवार. आभाळ स्वच्छ, वारा नाही, तळोद्यात कडाक्याची थंडी.

भाग्येश, तो मोबाइल बंद कर, मग सांगतो. माझ्या ओळखीच्या माणसाची गोष्ट आहे.

लोणखेड्याचा चुनीलाल पुनर्वसन कार्यालयात शिपाई होता. त्या संध्याकाळी साहेबांनी त्याच्या हातात एक ताबा पावती दिली. नर्मदेच्या धरणाच्या पाण्यात गाव गेलेल्या बाज्याला सप्टेंबरअखेर पाच एकर जमीन द्या, असा हायकोर्टाचा हुकूम होता. दिली नव्हती. बाज्याने अवमान याचिका लावली, सोमवारी सुनावणी. पावतीवर छापलं होतं, '२८ सप्टेंबर रोजी ताबा मिळाला'. खाली बाज्याची सही झाली की याचिका संपली, जमीनही गेली.

"सही घेतल्याशिवाय परत येऊ नको," साहेब म्हणाले.

चुनीलाल मोटारसायकलवर निघाला. बाज्या राहायचा त्या पुनर्वसन वसाहतीच्या अलीकडे, कापसाच्या शेताजवळ, बाज्या रस्त्यातच उभा. अंगावर घोंगडी.

"काय चुनीलालभाऊ, साहेबनी बक्षीस धाडं का?"

चुनीलाल हसला. कागद दिला. बाज्या कोर्टाच्या तारखांपायी लिहायला-वाचायला शिकला होता. गाडीच्या उजेडात त्याने एकेका ओळीवर बोट फिरवलं.

"मन्ही जमीन कोठे शे?"

"भेटी जाई ना, बाज्यादादा."

"आठे ते भेटी गयी असं लिखेल शे."

"सही कर ना. मन्ही नोकरी जाई."

"अकरा वरीस मी घाबरनू नही. तू एक रात नको घाबरू."

त्याने पेन मागितला. छापलेली तारीख खोडली. खाली लिहिलं, 'जमीन मिळाली नाही. १४ डिसेंबर, रात्री ९.४०.' सही केली.

पावती आणि पेन परत घेताना बोटाला बोट लागायला हवं होतं.

लागलं नाही...

चुनीलालने मान वर केली. रस्ता रिकामा. दोन्ही बाजूंना कापूस. पान हलत नव्हतं.

तो बाज्याच्या घरी पोचला. दारात शेकोटी. माणसं बसलेली. आत जमिनीवर, चादरीखाली...

"तो ते दुपारलेच गया, भाऊ," बाज्याची बायको रमिलाबाई म्हणाली.

चुनीलालने पावतीवरची सही पुन्हा पाहिली. मग त्याने पावती तिच्या हातात ठेवली.

"साहेबले देऊ नका. वकीलले द्या."

सकाळी साहेबांनी विचारलं, "कागद कुठंय?"

"ज्याचा होता त्याला दिला."

चुनीलाल त्याच दिवशी निलंबित झाला. सोमवारी रमिलाबाईच्या वकिलाने पावती कोर्टात दिली; साहेबांचा वकील म्हणाला, सही बनावट आहे. कोर्टाने पावती तपासायला पाठवली.

अहवाल आल्यावर साहेबांनी कोर्टात उभं राहून माफी मागितली. २२ मार्च २०२४ रोजी रमिलाबाईच्या नावे पाच एकरांचा ताबा झाला. फायलीत दोन कागद शेजारी लावलेले आहेत. मृत्यूचा दाखला, वेळ दुपारी ३.१५. हस्ताक्षर तपासणीचा अहवाल, सही बाज्याचीच.