जुळलेले नमुने

सुई पाहिली आणि बिलोलीचा सहा फुटी वीरेश लातूरच्या कॉलेजात पांढराफटक पडला. शेजारच्या खुर्चीवरच्या अनोळखी मुलीनं त्याचा हात घट्ट धरला.

"इकडं बघ, माझ्याकडं. झालंच बघ…"

झालं होतं, पण भलतंच! रक्त घेऊन सिस्टर निघून गेल्या, तरी स्वारी त्या मुलीकडं, मंजुश्रीकडं, बघतच होती.

"तुला भीती न्हाई वाटत?"

"सवय हाय," ती म्हणाली.

सवय शिवममुळं. धाकट्या भावाला थॅलेसेमिया होता. दर महिन्याला औशाहून लातूरला आणून त्याला रक्त चढवायचं, आणि हात धरायचा तो मंजुश्रीनं. दहाव्या वर्षी तो गेला. हिच्याही रक्तात तो दोष लपलेला असू शकतो, तपासा, असं डॉक्टर म्हणाले होते. आईनं ऐकलं नाही. पोरीच्या नावाला बट्टा लागला तर स्थळं कुठून यायची!

प्रात्यक्षिकासाठी वर्गातल्या सगळ्यांच्या रक्तातून हिमोग्लोबिनच्या जनुकाचा तुकडा वाचून आला. नमुन्यांना नुसते नंबर. आपला नंबर कुणाला सांगायचा नाही, हा मॅडमचा दंडक. त्या शिकवायच्या… जनुकांची अक्षरं एका डेटाबेसमध्ये, प्रथिनांचे आकार दुसऱ्यात, कोणत्या बदलानं कोणता आजार होतो ते तिसऱ्यात.

वीरेश कुजबुजायचा, "आन् मी रोज तुझ्याकडं बघून राहिलो, ते कोणत्यात टाकायचं?"

"गप बस!" म्हणायची, आणि दिवसभर गालातल्या गालात हसायची.

घरं एकाच समाजातली, तोलामोलाची, दोन्हीकडं एकाच मठाचे स्वामी येणारे. लग्नाला नाही म्हणायला कुणाला जागाच नव्हती.

एका दुपारी लॅब रिकामी होती. खिडकीवर पाऊस वाजत होता.

"पत्रिका गेली खड्ड्यात. आपणच जुळवून बघू," वीरेश म्हणाला. दोघांनी दंडक मोडला, एकमेकांना नंबर सांगितले. त्यानं दोन्ही तुकडे पडद्यावर ओळीखाली ओळ लावले. "बघ मंजू! सगळंच्या सगळं जुळलं…"

ती हसत वाकली. शिकवल्याप्रमाणे तिनं डेटाबेसमधला निरोगी नमुनाही खाली आणून ठेवला. एका जागी तो वेगळा होता. हे दोघं मात्र तिथंही सारखेच. तिनं तो बदल तिसऱ्या डेटाबेसमध्ये शोधला. उत्तरात शिवमचा आजार आला.

"आपल्याला काय होत न्हाई त्यानं," वीरेश घाईनं म्हणाला.

"आपल्याला न्हाई. दोघांकडून मिळाला, तर लेकराला…"

"सगळ्याच लेकरांना न्हाई होत. पोटात असतानाच तपासता येतं."

"आन् निघालं तर? नको म्हणू? शिवमला नको म्हणल्यासारखं वाटंल रे मला. आन् जन्माला घातलं, तर परत तो हात धरायची ताकद न्हाई माझ्यात."

"मग लेकरंच नको."

"तू म्हणतोस हे? दिसंल त्या लेकराला कडेवर घेणारा तू?"

वीरेशनं मान खाली घातली. तिला उत्तर मिळालं.

परीक्षा संपली. स्टँडवर वीरेशला गावाकडं नेणारी नांदेडची गाडी लागली.

"माझा लई जीव हाय तुझ्यावर," ती म्हणाली. "म्हणूनच लग्नाला न्हाई म्हणते…"

मंजुश्रीनं त्याचा हात घट्ट धरला.

"इकडं बघ, माझ्याकडं. झालंच बघ…"

या खेपेला मात्र वीरेशला तिच्याकडं बघवलं नाही.