उतरलेला निषाद

"आता कशाला आलास रं पदू?" असं आवडीच्या अगदी ओठांवर आलं... सोळा वर्षांनी दारात उभ्या राहिलेल्या दिराला पाहून तिच्या हातातलं सूप निसटलं, आणि ओटीवर इरलं विणत बसलेला तिचा नवरा हिरू उठून उभा राहिला.

केवढा मोठा झाला होता धाकटा! साऱ्या मुलखात त्याच्या फिडलची कीर्ती, मुंबईत तीस वादकांच्या वाद्यवृंदाचा तो चालक, आणि आता तर स्वतःचे बोलपट काढणारा निर्माता... पण हिरूला हे सारं कळायचं ते खोपोलीच्या बाजारात, परक्यांच्या तोंडून. भावाची साधी चिठ्ठीही कधी आली नव्हती.

आणि यावी तरी कशी? नाटक कंपनीचे मालक फिडलवाला निवडायला कुंभिवलीच्या देवळात आले, तो दिवस गाव विसरला नव्हता. दोघेही भाऊ गावात फिडल शिकवणाऱ्या बुवांचे शिष्य. पण हिरूचा हात असा काही गोड, की बुवांनी त्यालाच धाडायचं पक्कं केलेलं. घरात अंथरुणाला खिळलेला बाप, दारची भातशेती... एकालाच जाता येणार होतं, आणि पदूचा जीव तर फिडलवाचून कासावीस व्हायचा! नुसतं 'तू जा' म्हटलं असतं तर तो मानी जीव थोरल्याची जागा घ्यायला जन्मात तयार झाला नसता. म्हणून भर सभेत हिरू बेसूर वाजवत गेला. एकदा नव्हे, तीनदा! बुवांनी त्याच्या हातून फिडल हिसकावलं, "पुन्हा वाद्याला शिवलास तर माझी शपथ आहे!" म्हणाले, आणि पदू "बुवांचं नाव घालवलंस, दादा!" असं ओरडून, पायाही न पडता कंपनीबरोबर निघून गेला. बुवा त्याच रागात वारले. गावाने हिरूचं नाव बेसुऱ्या ठेवलं, आवडीला बायका 'बेसुऱ्याची' म्हणून हाक मारू लागल्या, तरी हिरूने तोंड उघडलं नाही; आवडी भांडायला निघाली की तो तिलाच अडवायचा.

"दादा," पदू म्हणाला, "परवा तालमीत एक नवा वादक निषादाच्या सुरावर चुकत होता. मी पुन्हा पुन्हा वाजवायला लावलं. कधी सूर चढा, कधी उतरा... दर वेळी निराळी चूक! आणि एकदम तू आठवलास. देवळात तुझा निषाद तिन्ही वेळा तेवढाच उतरला होता रे, तसूभरही इकडेतिकडे नाही! इतकं नेमकं बेसूर वाजवायला सूर किती हाताशी असावा लागतो, हे कळायला मला सोळा वर्षं लागली!"

"कायतरी बोलू नको. मला येतच नव्हतं रं..."

"माझ्या गळ्याची शपथ घेऊन सांग!"

हिरूने मान फिरवली. पदूने त्याचे भेगाळलेले पाय घट्ट धरले आणि तो हमसाहमशी रडू लागला.

"ऊठ रं," हिरूने त्याला छातीशी ओढलं. "तू वाजवत ऱ्हायलास, भरून पावलो मी! बुवांना तेवढं सांगायचं ऱ्हायलं..."

"आन मला?" आवडी कडाडली. डोळे वाहत होते. "मला तरी सांगायचं व्हतं! येवढी बोलणी खाल्ली मी, ती बघवली तरी कशी तुमाला?"

"सांगितलं असतं तर तू गप ऱ्हायली असतीस का गं? दोन दिसांत ह्याच्या कानावर जाऊन हा परत आला असता."



"नसते ऱ्हायले," हुंदका गिळून ती म्हणाली. मग पदराने तोंड पुसून ती तरातरा कुंपणाशी गेली आणि साऱ्या आळीला ऐकू जाईल अशी शेजारणीला हाक मारली, "ठके, इकडं ये गं! आमच्या ह्यांनी काय केलं ते ऐक!"

या वेळी हिरूने तिला अडवलं नाही.