विहिरीतल्या मुलाच्या दोन गोष्टी

कात्रीसर हे नाव त्यांना विद्यार्थ्यांनी ठेवलं होतं, आणि ते सरांना मनातून आवडायचं. प्राचीन इस्रायलचा इतिहास आणि धर्मग्रंथ हा त्यांचा विषय. एकसंध दिसणारी कथा घ्यायची, ती कुठे अडखळते ते बघायचं आणि नेमकी तिथे कात्री लावून आतल्या जुन्या कथा सुट्या करायच्या, यात त्यांची हयात गेली होती. त्या दिवशी मात्र उत्तरपत्रिका तपासताना त्यांचं डोकं फिरलं. वर्षभर घसा कोरडा करून शिकवलं, आणि निम्म्या वर्गाने लिहिलं होतं की लेखक विसरला.

प्रश्न साधा होता. भाऊ एका मुलाला कोरड्या विहिरीत टाकतात. त्याला थोरला भाऊ वाचवू बघतो की दुसराच कुणी, आणि कुठल्या टोळीचे व्यापारी त्याला घेऊन जातात, हे ग्रंथ वाचून धड कळत नाही, ते का? कारण या मुळात दोन गोष्टी, दोन ठिकाणी सांगितल्या जाणाऱ्या. मागाहून कुण्या संपादकाने त्या एकमेकींत विणल्या आणि विसंगती तशाच राहू दिल्या. "त्या भल्या गृहस्थाला काही टाकवतच नव्हतं," सर वर्गात म्हणायचे. "माळ्यावर फुटकी भांडी जपून ठेवणाऱ्यांपैकी." वर्ग खो खो हसायचा. पेपरात काय, तर लेखक विसरला. पालथ्या घड्यावर पाणी.

वैतागतच ते तिसऱ्या मजल्यावरच्या घरी पोचले, तर आई दारात उभी.

"धाकट्या, दादा भेटला का रे जिन्यात? आत्ताच खाली गेला."

सरांनी कपाळाला हात लावला. दादा म्हणजे त्यांचा थोरला भाऊ. सर जन्मायच्या आधीच, सात वर्षांचा असताना, तो तेव्हाच्या घरामागच्या कोरड्या विहिरीत पडून गेला. खिसा उसवलेल्या सदऱ्यातला त्याचा फोटो बाहेरच्या खोलीत टांगलेला होता. "तो गेला म्हणून तुला आणला," असं आई लहानपणी सरांना कुशीत घेऊन सांगायची, आणि ते ऐकता ऐकता त्यांना झोप लागायची. अलीकडे मात्र तिच्या सांगण्यात दादा एकदा विहिरीत राहायचा आणि एकदा कुण्या गाडीवाल्याचा हात धरून घरी यायचा, तेही एका दमात.

एरवी सरांनी कानाडोळा केला असता. पण आई जिन्यात दोनदा पडली होती. दोघा भावांच्या मधली ताई परगावी राहायची; तिचं घर तळमजल्यावर होतं, आईसाठी खोलीही तयार होती. आई हटून बसली होती. दादा येईल, कुलूप बघेल आणि परत जाईल, हे तिचं एकच पालुपद.

"जगाच्या गोष्टी सोडवतोस ना तू?" ताई फोनवर करवादली. "मग आईची सोडव आधी. पुन्हा पडली तर हाड जुळायचं नाही तिचं."

त्यात घरात भलतेच प्रकार सुरू झाले होते. सर कॉलेजातून यावेत तर त्यांचा टॉवेल ओला. दाढीचा ब्रशही ओला, आणि आई दाढी करत नाही एवढं त्यांना मान्य करावं लागलं. लाँड्रीवाला म्हणाला, "कपडे तर तुमचे मोठे भाऊ घेऊन गेले." सर त्याच्यावर खेकसले. घरी येऊन बघतात तो कपडे कपाटात, आणि त्यात एक सदरा त्यांना खांद्यात चांगलाच मोठा. दुसऱ्या दिवशी त्यांनी लाँड्रीवाल्याला तेवढ्यावरूनही झापलं.

रविवारी दुपारी त्यांनी आईला खिडकीपाशी बसवलं.

"आज एका वेळी एकच गोष्ट. आधी, तो गेला ती. दुसरीतलं काही मध्ये आणायचं नाही."

आईने सुरुवात केली. ती कपडे वाळत घालत होती, बाबा ओरडत आले, दोर आखूड पडला. "आणि मग गाडीवाल्याने त्याला वर..."

"गाडीवाला दुसऱ्या गोष्टीतला."

"दोन्ही लागतात रे."

"कशाला लागतात?" सरांचा आवाज चढला. "एक खरी असली की दुसरी खोटी. डोकं उठवलंयस माझं, आई."

मग पुन्हा पहिल्यापासून. ती घसरली की सर थांबवायचे, की पुन्हा येरे माझ्या मागल्या. दुसऱ्या गोष्टीत ती शिवत बसलेली होती, बाबा घरात नव्हते, दोर गाडीवाल्याचा होता आणि लांब होता. उन्हं उतरेपर्यंत दोन्ही गोष्टी तांदूळ आणि खडे वेगळे करावेत तशा वेगळ्या झाल्या. इतकं नेटकं काम सरांच्या हातून ग्रंथावरही झालं नव्हतं. ते मनापासून खूश झाले.

आई दमली होती. तिने त्यांच्या गालावरून हात फिरवला, जरा जास्तच वेळ.

"आता कुठली ठेवू?"

"खरी ती ठेव."

"एकच?"

"एकच, आई. संपव ना आता."

"बरं," आई म्हणाली.

सोमवारी ती झोपलेली असतानाच सर कॉलेजला गेले. दुपारी परतले तर किल्ली कुलपात फिरेना. हेच राहिलं होतं, असं पुटपुटत त्यांनी बेल वाजवली.

आईने दार उघडलं. "कोण हवंय?"

"पुरे, आई. कुलूप बिघडलंय बहुतेक."

"दादाकडे आलात का? आंघोळ करतोय तो. या ना, बसा."

बसा. जन्मात तिने त्यांना अहो-जाहो केलं नव्हतं.

सर आत आले. खुर्च्या जागच्या जागी होत्या. फोटो नव्हता. भिंतीला खिळ्याचं भोकही नव्हतं.

त्यांनी ताईला फोन लावला. ते घाबरले होते.

"ताई, आईचं काहीतरी बिनसलंय. मी बोलतोय, धाकटा."

"नंबर चुकला तुमचा. आमच्यात धाकटी मीच."

बाथरूममध्ये कुणीतरी घसा खाकरला.

आई पाहुण्यांच्या कपांतून चहा घेऊन आली आणि समोर बसली. "वेळ लागतो त्याला. लहानपणी विहिरीत पडला होता हो. मी शिवत बसले होते..."

सर जिवाचा कान करून ऐकू लागले. गोष्ट एकदा तरी अडखळावी, बाबा ओरडत यावेत, वाळत घातलेला एखादा कपडा यावा. तेवढ्याला धरून त्यांना आत शिरता आलं असतं. गाडीवाला आला. दोर आला.

"दोर आखूड पडला होता ना?" सरांनी विचारलं.

"छे हो. चांगला लांब होता."

गोष्ट कुठेच अडखळली नाही. त्या संपादकाला काही का टाकवत नव्हतं, ते सरांना कळलं, आणि त्यांना रडू फुटलं.

आईला त्यांची दया आली असावी. "वाचला ना पण तो," ती समजावत म्हणाली. "हाती लागला नसता तर आणखी एक होऊ दिला असता आम्ही. पण मग गरजच पडली नाही."

आत पाणी बंद झालं. कडी निघाली.

तिने साखरेचं भांडं पुढे सरकवलं. "तुम्हाला साखर किती घालू?"