लॉर्ड ऑस्मर्डेलचा शेवटचा लखोटा

बुधवारी सकाळी लॉर्ड ऑस्मर्डेल आपल्या अभ्यासिकेत मरून पडलेला सापडला. डोकं फुटलेलं, शेजारी शेकोटीचा लोखंडी गज. गावात कुणी रडलं नाही. तीस वर्षं तो लंडनला लॉर्डांच्या सभेत बसला, दोनदा तोंड उघडलं, आणि दोन्ही वेळा गावाचं गायरान स्वतःच्या कुंपणात घालून घेतलं.

टपालवाली हेस्टर पिम मात्र धावत हवेलीवर आली. तिचा भाऊ जेम तिथला मोतद्दार. त्याच्या हातात बेड्या पडल्या होत्या. दुपारी बाराला त्याला तुरुंगात नेणार होते, आणि तिथून फासावर.

"पिमबाई, इथे तुमचं काय काम?" न्यायाधीश ब्रॅमवेल गुरगुरला.

"माझ्या भावाला लटकवताय साहेब. निदान बघू तरी द्या."

लॉर्डचा पुतण्या लुशियन खिडकीशी उभा होता. हेस्टर त्याच्याकडे वळली.

"धाकटे साहेब, काकांना जिवंत कधी पाहिलंत?"

"मोतद्दाराच्या बहिणीला मी उत्तर देऊ?"

"देऊन टाका हो," ब्रॅमवेल म्हणाला, "म्हणजे ही जाईल तरी."

"नऊ वाजता. काकांनी माझ्यासमोर लखोट्यावर पत्ता लिहिला. मी घोड्यावरून जाऊन तो तुझ्याच टपालखिडकीत टाकला. परत आलो तर हे असं. आणि तुझा भाऊ अंगणात."

"जेम पहाटेपासून नऊपर्यंत लोहाराकडे होता. पाच माणसं सांगतील."

"मग नऊनंतर मारलं. सोमवारी काकांनी त्याला बडवलं, त्याचा सूड."

"बडवलं कुठे?" जेम म्हणाला. "ठोसा मारला, मी खाली वाकलो. तबेल्याच्या दगडी खांबावर बसला."

"गप रे!" ब्रॅमवेल ओरडला.

हेस्टर प्रेताकडे बघत होती. "घरात बसून हातमोजे?"

"थंडी वाजत होती त्यांना. काल संध्याकाळी मी आलो तेव्हाही घातलेलेच होते."

"जेवतानाही?"

"ते खोलीत एकटेच जेवले."

डॉक्टर ग्राउट कोपऱ्यात उभा होता. त्याने मान खाली घातली. हेस्टरने ते पाहिलं, वाकली आणि प्रेताचा उजवा हातमोजा ओढून काढला.

दोन बोटं काळीनिळी, सुजून फुगलेली, पट्टीने एकत्र बांधलेली.

"डॉक्टर?"

"मोडलीत. सोमवारीच मी बांधली. मोतद्दाराने ठोसा चुकवला हे कुणाला कळता कामा नये, असं बजावलं होतं त्यांनी. त्या हातात चमचासुद्धा धरवत नव्हता."

लुशियनच्या चेहऱ्यावरचा रंग उडाला.

हेस्टरने एप्रनमधून लखोटा काढला. "डाकगाडी बाराला येते, म्हणून हा अजून माझ्याकडे आहे. लॉर्डांना टपाल फुकट. अट एकच. पत्ता, गाव, तारीख, सही, सगळं त्यांच्या स्वतःच्या हातचं. वीस वर्षं मी हे अक्षर तपासतेय. बघा साहेब, 'बुधवार, नऊ मार्च'. एक रेघ हललेली नाही. मोडक्या बोटांनी लिहिलं?"

"डाव्या हाताने लिहिलं असेल," लुशियन पुटपुटला.

"तुमच्यासमोर लिहिलं ना? मग 'असेल' कसलं?"



"हे सोमवारच्या आधी लिहिलंय. फुकटला सोकावलेले हे बडे लोक नेहमीचे पत्ते आणि पुढच्या तारखा टाकून लखोटे खणात तयार ठेवतात. कायद्याने गुन्हा आहे, पण लॉर्डला विचारतो कोण? या धाकट्या साहेबांनी आजच्या तारखेचा उचलला आणि नऊला काका जिवंत होते म्हणून सांगितलं. पुरावा तेवढाच, आणि तोही खोटा. म्हणजे काका नऊच्या आधीच मेले. तेव्हा जेम लोहाराकडे होता. इथे हे होते."

"मी काकांना का मारीन?"

"लखोट्यावरची लाख फोडा, साहेब."

ब्रॅमवेलने फोडली. आत लुशियनच्या अक्षरातलं पत्र, लंडनच्या पक्षपुढाऱ्याला: काकांच्या इच्छेने आमच्या गावची संसदेची जागा मला द्यावी.

"ती जागा कुणाला द्यायची ते काकाच ठरवायचे, आणि त्यांनी ती साखरेच्या व्यापाऱ्याला दिलीय," हेस्टर म्हणाली. "त्याच्या स्वागताची बिअरची पिंपं खानावळीत येऊन पडलीत."

"ती माझी जागा होती!" लुशियन किंचाळला. "जन्मापासून माझी! आणि म्हातारा म्हणाला, साखरवाला बरा, निदान कामाचा तरी..." तो थांबला. उशीर झाला होता.

ब्रॅमवेलने जेमच्या बेड्या काढल्या. पण त्या लुशियनला घालवेनात त्याला. घसा साफ करत म्हणाला, "धाकट्या साहेबांना उघड्या गाडीतून नेणं बरं नाही. जेम, बंद गाडी जुंप."

जेम सवयीने वळला. हेस्टरने त्याचा दंड धरला.

"त्या बेड्या याला घाला आधी. आणि गाडी जुंपायला दुसरा माणूस शोधा, साहेब. माझा भाऊ घरी चाललाय."